पागनीसांची राखीव जागा

पागनीसांनी मला आयुष्यात कधी सहा इंच जागा दिली नाही. माणूस कसा होता ते सांगायला बसलं की लोक म्हणतात, गेलेल्या माणसाचं आधी चांगलं बोला. बोलतो न बाप्पा. पण हे सहा इंच आधी सांगून टाकतो, नाहीतर माझ्या घशाखाली चहा उतरायचा नाही.

मी डक्टवाला. मोठ्या इमारतींत एसीची थंड हवा खोल्याखोल्यांत नेणारे पत्र्याचे चौकोनी बोगदे असतात, ते बनवणं आणि छताखाली टांगणं हा माझा धंदा. पागनीस केबल ट्रेवाले. केबल ट्रे म्हणजे भोकं पाडलेल्या पत्र्याची उघडी पन्हळ. ती छताखाली टांगायची आणि विजेच्या जाड केबली तिच्यातून ओळीनं न्यायच्या, म्हणजे त्या भिंतीवर पोरीच्या मोकळ्या केसांसारख्या लोंबत नाहीत. आता गंमत अशी की दोघांनाही छत लागतं आणि छत एकच असतं. वर स्लॅब, खाली फॉल्स सीलिंग, मध्ये हातभर पोकळी. त्या पोकळीवरून जबलपुरात जेवढी भांडणं झाली तेवढी मझौलीकडे शेताच्या बांधावरून झाली नसतील.

तसा प्रत्येक साइटवर नकाशा असतो. त्यात डक्ट कुठून, ट्रे कुठून, पाण्याचा पाइप कुठून, सगळं रंगीत रेघांनी आखलेलं असतं. तो नकाशा अंथरून मजूर त्यावर पोहे-जिलबी खातात. खरा कायदा एकच: जो आधी टांगेल त्याचं छत. म्हणून काय करतात, की माल यायच्या आधीच छताला इकडे एक सळई टांगायची, तिकडे एक टांगायची, आणि मधलं सगळं आपलं. बसच्या खिडकीतून सीटवर रुमाल टाकतात न, तसं. पागनीस या रुमाल टाकण्यात उस्ताद होते.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते विजय नगरात एक खाजगी दवाखाना बनून राहिला होता तिथे. दवाखान्याचं नाव सांगत नाही, मालक डॉक्टर हयात आहेत आणि माझं बीपी तेच पाहतात. उंच, काटकुळा माणूस, इस्त्रीचा बुशशर्ट, खिशात पेनाच्या जागी ओळंबा. मान वर. मान कायम वर. त्यांना माणसं तोंडावरून कमी आणि छतावरून जास्त आठवायची. "चेरीतालचे जोशी कोणते? ते ज्यांच्या पंख्याचा हुक वाकडा आहे तेच न?" असं विचारायचे. सगळे त्यांना नाना म्हणायचे. एकदा कोणाचे तरी वडील गेले, समाचाराला आम्ही सोबत गेलो. सगळे खाली मान घालून बसलेले, हे वर पाहून राहिलेले. मुलगा गहिवरून म्हणाला, "नाना, सगळं संपलं." हे म्हणाले, "हो रे. ही वायरिंग कोणी केली?"

मी त्या दवाखान्यात डक्टचा माल घेऊन पोचलो तर लांबच्या लांब कॉरिडॉरमध्ये यांच्या सळया लटकून राहिलेल्या. मी म्हटलं, "साहब, ये किसका है?" माझ्या हिंदीतून मराठी ओळखून त्यांनी विचारलं, "मराठी का? कुठले?"

"आजोबा अमरावतीकडचे. रेल्वेत लागले, इकडेच राहिले."

"अच्छा, म्हणजे काल-परवाचे. आम्ही मराठ्यांच्या फौजेबरोबर आलो."

"मग परत काहून नाही गेले?"

"हुकूम आला नाही," ते गंभीरपणे म्हणाले.

या माणसाशी आपलं जमणार नाही हे मला तेव्हाच कळलं, आणि पुढची सगळी वर्षं आम्ही एकमेकांना सोडलं नाही.

मी त्यांचा ट्रे पाहिला. रुंद. आणि केबली टाकून झाल्यावरही अर्धा रिकामा राहील असा. मी म्हटलं, "नाना, एवढा रुंद कायले पाहिजे? अरुंद टांगा. सहा इंच मला द्या, माझा डक्ट सरळ जातो."

"ते रिकामं नाही."

"मग काय आहे त्याच्यात?"

"भविष्य आहे."

मी त्या ट्रेकडे पाहिलं. त्यात एक विडी पडली होती.

मग त्यांनी मला समजावलं. लहान पोराला समजावतात तसं. आज इमारतीत जेवढी वीज लागते तेवढीच उद्या लागत नाही. उद्या नवं मशीन येतं, नवा मजला चढतो, आणि केबल टाकायला जागा नसली की मग लोक छत फोडतात. म्हणून जागा आधी ठेवायची. आणि वळणावर काटकोन नको, मोठा फेर पाहिजे. "जाड केबलला आणि जाड माणसाला एकदम वळवू नये, गजू. दोघंही आतून फाटतात." हे बोलताना ते माझ्या पोटाकडे पाहत होते. मी म्हटलं तुमचं भविष्य तुमच्या घरी ठेवा, माझं वर्तमान अडकून राहिलं आहे. आवाज चढले. मराठीत भांडायला मिळत नाही हो जबलपुरात. घरी बायकोशी भांडावं तर ती हिंदीत उत्तर देते. त्यामुळे आम्ही दोघंही जरा रंगलोच. माझे आजोबा निघाले, त्यांची फौज निघाली.

तिथे मझौलीचा एक प्लंबर होता, चौरसिया. त्याला मराठीचं अक्षर कळत नव्हतं. त्याला वाटलं, दोन मराठी भाई गाववाले निघाले, घरच्या गोष्टी करून राहिलेत, त्रास कशाला द्या. त्यानं आपली शिडी लावली आणि आमच्या दोघांच्या मधून पाण्याचा पाइप टाकून मोकळा झाला. आम्ही वर पाहिलं तेव्हा तो खाली उतरून हात पुसून राहिला होता. "भैया, आप लोग बात कर लो, अपना तो हो गया."

पागनीसांची जागा शाबूत राहिली, कारण त्यांच्या सळया आधी होत्या. मेलो मी. माझा डक्ट तिथे बीमखालून खाली आणावा लागला. त्या ठिकाणी आजही उंच माणूस मान वाकवून जातो. नवीन लोकांना वाटतं पुढे मारुती आहे.

मला वाटलं, मालक तरी ही उधळपट्टी पाहील. मीच कान भरले. डॉक्टरसाहेब आले, वर पाहिलं, म्हणाले, "पागनीस जी, ये आधा खाली क्यों है?" पागनीस म्हणाले, "भविष्य है, डॉक्टर साहब." आणि डॉक्टरांनी हात जोडले! माझा विश्वास बसेना. झालं असं होतं, की डॉक्टर शिकलेले विलायतेत, पण पायापासून कळसापर्यंत प्रत्येक वीट ज्योतिषाला विचारून लावत होते. नकाशातल्या रेघा त्यांना कळल्या नव्हत्या, भविष्य मात्र लगेच कळलं. त्यांनी हळूच विचारलं, "किस दिशा में रखा है?" पागनीसांनी ओळंबा काढला, तो स्थिर होईपर्यंत डोळे मिटले आणि म्हणाले, "ईशान्य." डॉक्टर म्हणाले, "बढ़िया. इसे कोई हाथ न लगाए."

हात लागलाच. रिकामी जागा दिसली की आपल्या माणसाचा हात शिवशिवतो, त्याला डॉक्टर तरी काय करणार? दवाखाना सुरू झाला आणि वॉर्डबॉयला शोध लागला की फॉल्स सीलिंगची एक फरशी सरकवली की वर मस्त फळी आहे. आधी झाडू गेला. मग जेवणाचे डबे. मग एका नर्सबाईंची छत्री, जत्रेतून आणलेला झारा, केबल टीव्हीवाल्याची वायर, दुसऱ्या केबल टीव्हीवाल्याची पहिल्याच्या मागावर गेलेली वायर. पागनीस दर महिन्याला तिथे जायचे. कोणी बोलावलेलं नसायचं. स्वतः स्टूल लावून चढायचे, एकेक वस्तू खाली द्यायचे आणि विचारायचे, "ये किसका है? ये किसका है?" सगळा दवाखाना मान खाली घालून उभा. त्यांनी एक पाटी रंगवून लावली, 'इस ट्रे में सामान रखना मना है'. पुढच्या महिन्यात त्या पाटीच्या खिळ्याला कोणाची पिशवी लटकून राहिली होती. त्या दिवशी त्यांनी स्टुलावर उभं राहून जो शिमगा केला तो ऐकून एक पेशंट उठून चालत घरी गेला म्हणतात.

साइटबाहेरही तेच. महाराष्ट्र मंडळाच्या पंगतीत ताटाचा एक कोपरा ते रिकामा ठेवायचे. वाढपी पोरगा भाजी घेऊन आला की त्याला तो कोपरा दिसायचाच, आणि तो नेमकी तिथेच भाजी टाकायचा. "अबे, ती जिलबीची जागा आहे!" "जिलबी तर अजून तळून राहिले, नाना." "म्हणूनच जागा ठेवली न!" मालतीवहिनी, म्हणजे त्यांची बायको, अशा वेळी पलीकडच्या पंगतीत आपण यांच्या कोणी नाही असं तोंड करून बसायच्या.

पण सगळ्यात मोठी राखीव जागा होती ती चेरीतालच्या त्यांच्या घराच्या वरच्या खोलीची. एकुलता एक मुलगा हेमंत पुण्याला नोकरीला गेला. "दोनेक वर्षं अनुभव घेईल, मग इकडेच येईल," असं नानांनी सगळ्या गल्लीला सांगितलं आणि दुसऱ्याच आठवड्यात खोली रिकामी केली. कॉट काढली, कपाट काढलं, रंग दिला. भिंतीला ट्रे लावला, हो, घरात ट्रे! त्यातून कॉम्प्युटरसाठी लाइन, एसीसाठी वेगळी लाइन, सुनेच्या शिलाई मशीनसाठीसुद्धा एक बटण. सून अजून ठरायची होती. मला बोलावून एसीसाठी भिंतीला भोक पाडून घेतलं आणि त्यावर पुठ्ठा लावला. चेरीतालमध्ये त्या खोलीइतकी उत्तम वायरिंग कुठे नव्हती, आणि तिच्यात एक बल्बही लागत नव्हता.

मग त्या खोलीवर सगळ्यांचा डोळा. वहिनींच्या बहिणीला तिथे शिवणक्लास काढायचा होता. शेजाऱ्यांना पाहुणे उतरवायचे होते. वहिनी स्वतः चोरून कुरडया वाळत घालायच्या आणि नाना संध्याकाळी एकेक कुरडई हातावर ठेवून खाली आणायचे, तुटू देत नव्हते, पण ठेवूही देत नव्हते. आणि मी? मी काय साधुसंत आहे? माझ्या अंगणात उरलेले डक्ट पडून असायचे, पावसात गंजायचे, बायको रोज डोकं खायची. दर आषाढात मी जाऊन म्हणायचो, "नाना, चार महिने वरची खोली द्या न. काहून अडवून ठेवली?"

"हेमंत आला म्हणजे?"

"आला की उचलतो."

"तो येईल आणि तू उचलत बसशील? त्याला दारात उभं ठेवू? जागा आधी मोकळी पाहिजे, गजू. मग येतात."

आणि नशीब तर असं पाठीशी, की त्या दवाखान्यात खरंच ते भविष्य आलं. मोठं तपासणीचं मशीन घेतलं डॉक्टरांनी. त्याला मनगटाएवढी जाड केबल लागत होती. दुसरीकडे कुठे असतं तर छत फोडलं असतं, इथे फरशा सरकवल्या, डबे-छत्र्या काढल्या आणि केबल त्या अर्ध्या रिकाम्या ट्रेमधून अशी गेली की विचारू नका. नाना त्या दिवशी नवरीच्या बापासारखे फिरून राहिले होते. खोव्याची जिलबी आणली होती. डॉक्टरांना दिली, चौरसियाला दिली, आणि मला दोन वेढे जास्त दिले.

"घे. तुझ्या सहा इंचांतून गेली."

जिलबी गोड होती, म्हणून खाल्ली. पण मनात म्हटलं, आता हा माणूस मरेपर्यंत खोली देत नाही. पुढची कित्येक वर्षं तसंच झालं. वहिनी, बहीण, मी, सगळ्यांना एकच उत्तर: "दवाखान्यात पाहिलं न? जागा ठेवली की येतं."

हेमंतच्या दोन वर्षांची किती वर्षं झाली ते मी मोजलं नाही. लग्न झालं, मुलगी पुण्याचीच. मुलं झाली. फोन यायचा. नाना त्याच्याशी शुद्ध मराठीत बोलायचे आणि तो इकडे वाढलेला असल्यामुळे "हाँ बाबा, देखते हैं बाबा" म्हणायचा. फोन ठेवला की नाना आम्हाला सांगायचे, "पाहून राहिला आहे तो." काय पाहून राहिला आहे हे विचारायची कोणाची छाती नव्हती. खोलीत रोज झाडू लागत होता.

मग एकदा हेमंत आला. मावसभावाच्या लग्नाला, बायकामुलांसह. नानांनी माझ्याकडून पुठ्ठा काढून घेऊन भोक साफ करून घेतलं, एसी बघून ठेवला, दुकानदाराला दोन दिवस तंगवलं. आगगाडी आली आणि हेमंतनं स्टेशनवरूनच फोन केला. मुलांना उकाड्याची सवय नाही, लहानग्याला घामोळं येतं, म्हणून आम्ही हॉटेलात उतरतो, तिथे एसी आहे.

मी तेव्हा तिथेच होतो. पुठ्ठा माझ्या हातात होता. मी खरं सांगतो, त्या पोराला दोन ठेवून द्याव्यात असं वाटलं मला. पण पोरगा वाईट नव्हता हो. संध्याकाळी आला, पाया पडला, वहिनींना साडी आणली, नानांना हात धरून वर घेऊन गेला. बराच वेळ दोघं वर होते. खाली आला तेव्हा त्याचे डोळे लाल होते. लग्न झालं, ते गेले.

पाऊस लागायच्या आधी नानांचा फोन आला. "गजू, तुझा माल भिजेल. आणून टाक वर."

मी स्कूटर काढली आणि गेलो. नाना मला वर घेऊन गेले. खोली स्वच्छ. बटणांवरचा प्लॅस्टिकचा कागद अजून तसाच, भिंतीवरचा ट्रे रिकामा, भोकाला माझाच पुठ्ठा परत लावलेला. ते म्हणाले, "मोठे तुकडे इकडे लाव. छोटे ट्रेवर ठेवलेस तरी चालतील."

ट्रेवर! त्यांच्या तोंडून!

"काय झालं, नाना?"

"काय होणार? पुण्यात घर घेतलं त्यानं. मोठं आहे म्हणे." ते छताकडे पाहून राहिले होते. "आमच्या दोघांसाठी एक खोली ठेवली आहे तिथे. रंग देऊन, पंखा लावून. रिकामी. कोणाला वापरू देत नाही म्हणाला. बायकोची आई मागत होती, तिलाही नाही दिली." मग ते हसले. "माझंच पोरगं न. जागा ठेवतो."

"मग तुम्ही चालले का तिकडे?"

"मी? मी कुठे जाऊ? चेरीताल सोडून?" त्यांनी भोकावरचा पुठ्ठा दाबून नीट केला. "आणि तो येत नाही आता. मला कळलं. तिकडे त्याची खोली रिकामी, इकडे माझी रिकामी. दोन दोन ठिकाणी कायले अडवून ठेवायची? तू डक्ट आण."

इतक्या आषाढांत मी हेच मागून राहिलो होतो. सहा इंचांसाठी ज्याच्याशी सगळं आयुष्य भांडलो त्यानं अख्खी खोली पुढे केली, आणि माझ्यानं घेववेना. वाटलं, मी एक जरी तुकडा इथे आणून टाकला तर हेमंत येणार नाही यावर माझी सही होईल.

"माझ्याजवळ आता माल नाही, नाना. विकला सगळा."

"खोटं बोलून राहिलास. परवाच तुझ्या अंगणात पाहिला."

"तो दुसऱ्याचा आहे."

"दुसऱ्या कोणाचा?"

"चौरसियाचा," मी म्हटलं. प्लंबर डक्ट कशाला घेईल हे मलाही कळत होतं आणि त्यांनाही.

नानांनी माझ्याकडे पाहिलं. मान खाली आणून, सरळ माझ्या तोंडाकडे. इतक्या वर्षांत त्यांनी माझं तोंड एवढं निरखून कधी पाहिलं नव्हतं. मग खिशातला ओळंबा उगाच चाचपला आणि म्हणाले, "बरं. मग राहू दे." दाराला कडी लावली, बाहीनं पुसली.

मी खाली आलो, स्कूटरला किक मारली आणि गल्लीच्या वळणावर मागे पाहिलं. नाना वरच्या गॅलरीत कठड्याला धरून उभे होते. वर आमच्या चेरीतालच्या खांबांवरून लटकलेल्या वायरींचं सगळं जंजाळ होतं, एरवी त्यावरून त्यांनी विद्युत मंडळाचा उद्धार केला असता. पण ते वर पाहत नव्हते. गल्लीच्या तोंडाकडे, स्टेशनवरून रिक्षा जिकडून येते तिकडे पाहून राहिले होते. नाना आठवले की मला ते तसेच दिसतात.

माझे डक्ट अजून अंगणात आहेत, पार गंजले. बायको विचारते, एवढं सामान कुठे तरी ठेवून काहून येत नाही? मी म्हणतो, जागा नाही.